रताळ्याचा तिखटमिठाचा, ओव्हनमधला प्रकार सुचवा (थँक्सगिव्हिंगच्या जेवणासाठी)

अबोली_एनजे
नोव्हेंबरचा चौथा गुरुवार जवळ आलाय. इथे न्यू जर्सीत आम्ही चार-पाच घरं मिळून जेवतो, निम्मी मराठी, निम्मी शेजारची अमेरिकन. यंदा रताळ्याचा पदार्थ माझ्या वाट्याला आला आहे. इथली रीत म्हणजे उकडून कुस्करलेल्या रताळ्यात लोणी आणि ब्राउन शुगर, वर मार्शमेलोचा थर, आणि मग ओव्हन. मुलं आवडीने खातात, पण जेवणाच्या ताटात मला ते नको वाटतं. शिवाय मार्शमेलोत जिलेटिन असतं आणि आमच्यातली दोन घरं शाकाहारी आहेत.

मला हवंय ते असं: चव तिखट-मिठाची, तोंडीलावण्यासारखं घेता येईल, ओव्हनमध्ये होईल, आणि टेबलावर तासभर राहिलं तरी चालेल. माणसं पंधराच्या आसपास.

दुकानात केशरी गराची रताळी ढिगाने मिळतात. भारतीय दुकानात लाल सालीची, पांढऱ्या गराची मिळतात. कुठली घेऊ? रताळं आपण उपासाच्या आणि गोडाच्या खात्यात टाकून मोकळे झालो, त्यातून त्याला बाहेर काढावं असं मला फार वाटतं.

खमंग_काकडी
कीस कर की! जिरं, मिरची, दाण्याचं कूट. पंधरा मिनिटांत संपेल, टेबलावर तासभर राहायचा प्रश्नच नाही :)

अबोली_एनजे
@खमंग_काकडी, कीस माझाही आवडता. पण पंधरा माणसांचा कीस गरमागरम परतत मी गॅसपाशी उभी राहणार आणि बाकीचे जेवणार. म्हणून ओव्हन.

मंदार_कोथरूड
पांढऱ्या गराची घ्या, डोळे मिटून. केशरी रताळ्यात पाणी जास्त आणि पिठूळपणा कमी, ती भाजली की मऊ पडतात. सूप, कटलेटला ठीक. फोडी सुट्या आणि कडेने कुरकुरीत हव्या असतील तर पिठूळ रताळंच हवं.

आमच्या घरी हिवाळ्यात नेहमी होतं ते सांगतो. दीड किलो रताळी सालासकट स्वच्छ घासून धुवायची, दोन सेंटिमीटरच्या फोडी करायच्या आणि लगेच पाण्यात टाकायच्या, नाहीतर चीक काळा पडतो. मग निथळून पंचावर अगदी कोरड्या करायच्या. तीन मोठे चमचे तेल, मीठ, हळद, लाल तिखट हाताने चोळायचं. ओव्हन २२० सेल्सिअसला (तुमच्याकडे ४२५ फॅरनहाइट) आधी नीट तापवून ट्रेमध्ये एकच थर पसरायचा. पंधरा मिनिटांनी उलटायच्या, अजून दहा-पंधरा मिनिटं. बाहेर काढल्यावर वरून फोडणी: मोहरी, हिंग, भरपूर कढीपत्ता, दोन सुक्या मिरच्या, तीळ. त्यावर लिंबू.

एका ट्रेमध्ये सगळं कोंबू नका. फोडी एकमेकींना चिकटल्या की वाफेवर शिजतात, भाजल्या जात नाहीत. पंधरा जणांना दोन मोठे ट्रे लागतीलच.

सुगरण_नाशिक
मंदारदादा, +१. फोडणी वरून घालायची हे महत्त्वाचं. आधी घातली तर कढीपत्ता जळून कडू होतो. लसणाचंही तेच.

प्रयोगवही
अबोली, भारतीय दुकानातली घे हे बरोबर, पण कारण फक्त पाण्याचं नाही. मी अन्नतंत्र शिकवते, म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

कच्चं रताळं तितकंसं गोड नसतं. त्यातला स्टार्च शिजताना साखरेत बदलतो म्हणून ते गोड होतं. हे काम बीटा-अमायलेज नावाचं एक विकर करतं, आणि त्यातून तयार होणारी साखर म्हणजे माल्टोज. स्टार्च साधारण ६० सेल्सिअसच्या पुढे फुगायला लागतो, मग विकराला तो तोडता येतो. तापमान ८० च्या आसपास गेलं की विकर स्वतःच निकामी होतं. म्हणजे रताळं या दोन टोकांच्या मधे जितका जास्त वेळ रेंगाळेल तितकं गोड होईल. अख्खं रताळं मंद आचेवर तासभर भाजलं की आतल्या गाभ्याला हा वेळ भरपूर मिळतो. चुलीच्या राखेत पुरलेलं रताळं मधासारखं लागतं ते यामुळेच. मायक्रोवेव्हमधलं मात्र तितकं गोड होत नाही, कारण ते झपाट्याने तापतं.

तुला हवंय याच्या उलट. म्हणून फोडी लहान, ओव्हन कडक तापलेला, आणि ट्रेसुद्धा रिकामाच आत ठेवून तापवलेला. फोडी टाकल्या की चर्रर्र असा आवाज यायला हवा. "आधी अख्खी मंद भाज, मग काप" असं कुणी सांगितलं तर ते गोडाच्या पदार्थासाठी.

अबोली_एनजे
प्रयोगवहीताई, हे आजवर कुणी सांगितलं नव्हतं! म्हणजे मी आधी उकडून घेणार होते तेही रद्द?

प्रयोगवही
रद्द. उकडायला ठेवलं तरी ती मधली पायरी येतेच, वर पाणीही शोषलं जातं. कच्च्याच फोडी भाज.

शिवारातून
मी बेळगाव तालुक्याच्या पश्चिम भागातला. आमच्याकडे रताळं घरोघरी. पावसाळ्याच्या तोंडाला वेलाचे तुकडे वरंब्यावर लावायचे आणि नवरात्रापासून काढणी सुरू. वेल जनावरांना, कंद बाजारात, ते पार दिल्लीपर्यंत जातात.

ताईंनी विज्ञान सांगितलं, त्याला शेतावरची जोड देतो. नुकतं काढलेलं रताळं कमी गोड असतं, साठवलं की गोडी वाढते. आम्ही स्वतःसाठी भाजायला ठेवतो ती चार दिवस घरात पसरून ठेवतो, आणि रस्सा-भाजीला त्याच दिवशीचं काढतो. तुमच्या दुकानातलं किती जुनं आहे हे कळणार नाही, पण निवडताना मध्यम जाडीचं, टणक, साल न सुरकुतलेलं घ्या. फार जाडं रेषाळ निघतं. भोक दिसलं तर सोडून द्या. सोंड्या किड्याने खाल्लेलं रताळं कडू होतं, कापून बाजूला केलं तरी कडवटपणा राहतो.

आणि कच्चं रताळं फ्रिजमध्ये ठेवू नका. गारठलं की शिजवल्यावरही मधला भाग दगडासारखा राहतो. टोपलीत, अंधारात ठेवा.

दक्षिणगोलार्ध
ऑकलंडहून. इकडे रताळ्याला कुमरा म्हणतात आणि ते तिखटमिठाचंच खातात, गोड करायचं कुणाच्या मनातही येत नाही! माओरी लोकांनी शेकडो वर्षं हा कंद या थंड मुलखात जपला. जमिनीत खड्डा करून तापलेल्या दगडांवर मांस आणि भाज्या शिजवतात, त्या हांगीत कुमरा हवाच. रविवारच्या भाजलेल्या मांसाबरोबर ओव्हनमध्ये बटाट्याच्या शेजारी कुमऱ्याच्या फोडी असतात. दुकानात तीन रंग: लाल सालीचा फिकट गराचा, सोनेरी आणि केशरी. भाजायला इथले लोक लाल घेतात, म्हणजे मंदार म्हणतात तेच.

केशरीच मिळालं तर लांब, जाड पाचरी कापा आणि वर घट्ट आंबट दही द्या. दह्यात मीठ, ठेचलेला लसूण, मिरी. गोडी बरोबर ताब्यात येते.

मिरचीकोंडा
खरा मुद्दा इथे आहे. आंबट हवं, आणि ते लिंबाच्या चार थेंबांनी भागणार नाही. दिल्लीत नोकरीला असताना थंडीत रस्त्यावर शकरकंदीची चाट खायचो. निखाऱ्यावर भाजलेलं रताळं सोलून, फोडी करून, वर काळं मीठ, चाट मसाला, लिंबू आणि आंबट करमळाच्या (स्टारफ्रूटच्या) चकत्या. रताळं पूर्ण गोड असूनही खाताना तोंडाला पाणी सुटतं. तुम्ही आमचूर किंवा चिंचेचा कोळ घाला, पण ओव्हनमधून काढल्यावर. आधी घातलात तर फोडी ओल्या होतील.

गोडामसाला
माझ्या नावाला जागून सांगते, दोन चमचे गोडा मसाला आणि सुकं खोबरं. पाहुणे पाककृती विचारतील.

मिरचीकोंडा
@गोडामसाला, आदर राखून असहमत. गोड्या मसाल्यात दालचिनी, लवंग, खोबरं, सगळं गोडीच्या बाजूने झुकणारं. अमेरिकन लोक रताळ्यात दालचिनी घालतातच, त्यांच्या जिभेला तो गोडाचाच पदार्थ वाटणार. त्यापेक्षा कोल्हापुरी कांदा-लसूण मसाला घाला. लसूण, कांदा, मिरची या तिघांपुढे गोडी आपोआप मागे राहते.

गोडामसाला
गोड्या मसाल्यात दगडफूल आणि धणे-जिरंही असतं, ते का विसरता? आमच्याकडे भरल्या वांग्यात गूळ आणि गोडा मसाला एकत्र असतात आणि त्याला कुणी गोड पदार्थ म्हणत नाही. चिंच असली की सगळं जुळतं. पण दालचिनीबद्दल तुमचं म्हणणं पटलं. अमेरिकन पाहुण्यांपुढे तो धोका आहे खरा.

अलिबागकर_दादूस
तुम्ही सगळे मसाल्यात अडकलात! आमच्या रायगडात थंडीत पोपटी लावतात. मडक्यात भांबुर्ड्याचा पाला, त्यात वालाच्या शेंगा, बटाटे, रताळी, अंडी, ज्यांना चालतं त्यांना चिकन. मीठ आणि ओवा. पाण्याचा थेंब नाही. मडक्याचं तोंड पाल्याने बंद करून ते उपडं ठेवायचं आणि भोवती जाळ. त्या रताळ्याला भांबुर्ड्याचा आणि ओव्याचा जो वास लागतो त्यापुढे गोडी आठवतही नाही.

न्यू जर्सीत भांबुर्डा कुठून आणणार, पण ओवा आहेच ना! तळहातावर चुरडून मिठाबरोबर चोळा. आणि सोबत वालपापडीच्या शेंगा टाकता आल्या तर टाका, भारतीय दुकानात गोठवलेल्या मिळतात.

सुगरण_नाशिक
दादूस, ओवा! कसं सुचलं नाही. इथले लोक थाईम घालतात, त्या वासाच्या जवळ जातो ओवा. अबोली, शेजाऱ्यांनाही तो परका वाटणार नाही.

उपास_आणि_मी
हे उपासाला चालेल का? महाशिवरात्रीला करेन म्हणते.

खमंग_काकडी
मोहरी, हिंग, हळद, लसूण काढा. तूप, जिरं, हिरवी मिरची, सैंधव, दाण्याचं भरड कूट, वरून ओलं खोबरं आणि लिंबू. कोथिंबीर आमच्याकडे चालते.

उपास_आणि_मी
आमच्याकडे कोथिंबीर चालत नाही, जिरं चालतं.

वऱ्हाडी_ठसका
आमच्या इकडे जिरं चालते, कोथिंबीर चालते, पण कढीपत्ता नाही. या विषयावर वेगळा धागा काढा, हजार प्रतिसाद पक्के!

संयमी
जरा वेगळा मुद्दा. जेवणात मधुमेही असतील तर सांगून ठेवा. रताळं मधुमेहींना चांगलं असं सरसकट म्हटलं जातं, पण ते कसं शिजवलं यावर अवलंबून आहे. उकडलेल्याने रक्तातली साखर त्या मानाने हळू वाढते, ओव्हनमध्ये भाजलेल्याने बरीच जलद. माझ्या वडिलांना मी उकडून, गार करून, दह्यातली कोशिंबीर करून देते, तीही वाटीभरच आणि भाताच्या ऐवजी.

प्रयोगवही
संयमी, योग्य मुद्दा. केशरी रताळ्याच्या बाजूनेही एक सांगायला हवं. त्यातलं बीटा-कॅरोटीन शरीरात अ जीवनसत्त्व होतं, पांढऱ्यात ते नगण्य. ते शोषलं जायला थोडं तेल-तूप लागतं, त्यामुळे फोडणी घातलेलं रताळं उत्तमच. आपल्याकडेही तिरुवनंतपुरमच्या कंदपीक संशोधन संस्थेने 'भू सोना' हा केशरी वाण आणि 'भू कृष्णा' हा जांभळा वाण काढला आहे. घरात लहान मुलं असतील तर केशरीला पूर्ण रजा देऊ नका.

वांद्रे_ते_बर्लिन
थरांचा प्रकार अजून कुणी सांगितला नाही म्हणून लिहितो. इकडे बटाट्याचे पातळ काप सायीत भाजतात, तसं मी रताळ्याचं नारळाच्या दुधात करतो. तीन मिलिमीटरचे काप, किसणीवर एकसारखे निघतात. खोलगट काचेच्या भांड्यात काप आणि उभा चिरलेला कांदा आलटून पालटून. नारळाच्या घट्ट दुधात मीठ, आलं, हिरव्या मिरचीचा ठेचा आणि चिंचेचा थोडा कोळ मिसळून वरून ओतायचं, कापांच्या जेमतेम खाली राहील इतकंच. १९० सेल्सिअस, पहिला अर्धा तास फॉइलने झाकून, मग उघडं, वरचा थर तांबूस होईपर्यंत. काढल्यावर पंधरा मिनिटं तसंच ठेवा, म्हणजे रस आळतो आणि वड्यांसारखे तुकडे पडतात.

नारळाचं दूध कमी स्निग्ध असलेलं घेऊ नका, फाटतं. आणि वर चीज घालायचं असेल तर शाकाहारी घरांसाठी डबा वाचून घ्या. पारंपरिक पार्मेजानमध्ये वासराच्या जठरातलं रेनेट असतं.

अबोली_एनजे
@वांद्रे_ते_बर्लिन, हे टेबलावर तासभर राहील असं दिसतंय! पण प्रयोगवहीताईंच्या हिशोबाने झाकून हळू शिजवलं तर गोड होणार ना?

प्रयोगवही
होईल, थोडं. पण त्यात चिंच, मिरची आणि कांदा आहे, आणि नारळाच्या दुधाला जराशी गोडी शोभतेच. पांढऱ्या रताळ्याचं केलंस तर त्याचा स्टार्च दूध घट्टही करेल. केशरीचं केलंस तर पातळ राहील आणि गोडही जास्त. माझं मत, थर पांढऱ्याचे.

मंदार_कोथरूड
आमच्या सुट्या फोडी तासभर कुरकुरीत राहणार नाहीत हे मान्य करतो. पंचवीस मिनिटांनी मऊ पडतात. ज्यांच्या घरी जेवण आहे तिथे ओव्हन मोकळा असेल तर तिथेच शेवटची दहा मिनिटं भाजा. टर्की तो दिवसभर अडवून बसते असं ऐकलंय.

बोस्टनची_बेबी
हो, ओव्हन मिळणं कठीण, आणि टर्कीसाठी तो बहुधा ३२५ फॅरनहाइटला असतो. त्यात फोडी नुसत्या सुकतात. अबोली, थरांचा प्रकार घरी पूर्ण करून ने, झाकलेला राहिला तर गरम राहतो. पण शिजलेलं रताळं किंवा बटाटा फॉइलमध्ये गुंडाळून रात्रभर बाहेर ठेवायचं नाही. उरलं तर फॉइल काढून फ्रिजमध्ये.

आणि एक आनंदाची बातमी. मार्शमेलोचा तो प्रकार काही पिढ्यान्‌पिढ्यांची परंपरा नाही. १९१७ साली एका मार्शमेलो कंपनीने खप वाढवायला पाककृतींची पुस्तिका लिहून घेतली, त्यातून तो पसरला. त्यामुळे बदल करताना मनात संकोच नको. माझ्या सासूबाई अमेरिकन आहेत, नॉर्थ कॅरोलिनाच्या, म्हणजे या देशात सर्वांत जास्त रताळी पिकवणाऱ्या राज्याच्या. त्याही तिखटमिठाचंच करतात, कांदा आणि भरपूर मिरी घालून.

अलिबागकर_दादूस
बेबी, सासूबाईंना पोपटीला घेऊन ये.

अबोली_एनजे
सगळ्यांचे मनापासून आभार. ठरवलंय असं. पांढऱ्या रताळ्याचे थर नारळाच्या दुधात, त्यात कांदा, ठेचा, चिंच आणि दादूसांचा ओवा. वरून जेवायला बसताना मोहरी-कढीपत्त्याची फोडणी. मुलांसाठी केशरीच्या पाचरी, सोबत लसणाचं दही. कांदा-लसूण मसाला आणि गोडा मसाला दोन्ही वाटीत टेबलावर ठेवेन, ज्याला जो हवा तो घेईल.

एक राहिलं. काप आदल्या रात्री करून ठेवले तर चालतील का? सकाळी घरात फार घाई असते.

सुगरण_नाशिक
चालतील. पाण्यात बुडवून, झाकून फ्रिजमध्ये ठेव. कापलेल्या तुकड्यांना एका रात्रीचा गारवा बाधत नाही. सकाळी निथळून पंचावर कोरडे कर. ओले राहिले तर नारळाचं दूध पातळ होईल.

फक्त_वाचक
धागा वाचून नोंदणी केली. माझ्याकडे लहान ओटीजी आहे, २५ लिटरचा. मंदारदादांची दीड किलोची कृती त्यात एका वेळी होईल का?

मंदार_कोथरूड
स्वागत! नाही होणार, अर्धा किलोच्या तीन खेपा करा. वरची आणि खालची दोन्ही कॉइल चालू, ट्रे मधल्या खणात. लहान ओटीजीचं दार उघडलं की उष्णता भसकन जाते, म्हणून उलटताना ट्रे बाहेर काढून दार लगेच बंद करा. पहिल्या खेपेच्या फोडी मऊ पडल्या तर शेवटी सगळ्या एकत्र करून पाच मिनिटं परत आत, आणि फोडणी त्यानंतरच.